बसणं न जमलेला माणूस

रविकांत गजभारे यांना कुणी ‘बसा’ म्हटलं की ते आधी उठतात. समोरच्याला वाटतं, माणूस भिडस्त आहे. तसं काही नाही. त्यांना बसणं जमत नाही, एवढंच. लातूरला मुलाकडं राहायला येऊन दोन वर्षं झाली, पण हॉलमधल्या सोफ्यावर त्यांची म्हणावी अशी जागा अजून पडलेली नाही. चहा ते खिडकीत उभ्यानं पितात. वर्तमानपत्र गॅलरीत येरझाऱ्या घालत वाचतात आणि पान उलटण्यापुरते थांबतात. जेवायला तेवढी मांडी घालतात, तीही सून महामाया समोर वाढायला उभी असते म्हणून.

वय अडुसष्ट. चाळीस वर्षं रेल्वेत गेली, त्यातली तीसेक कीमॅन म्हणून. कीमॅन म्हणजे कोण, हे लातूरच्या शेजाऱ्यांना ते मोठ्या हौसेनं सांगतात. रूळ खालच्या आडव्या स्लीपरवर ज्या लोखंडी चाव्यांनी धरलेला असतो, त्या रोज चालत जाऊन तपासायच्या, ढिली सापडली की हातोड्यानं ठोकून बसवायची. मुदखेड जंक्शनच्या अलीकडं सहा किलोमीटरचा त्यांचा पट्टा होता. जाताना एका रुळाच्या चाव्या बघायच्या, परतताना दुसऱ्या रुळाच्या. खांद्यावर हातोडा, काखेत लाल-हिरवी झेंडी, फडक्यात भाकरी. घट्ट चावी टणकन बोलते, ढिली नुसती ठप्प करते. शंभर चाव्यांत एक ठप्प त्यांच्या कानाला बरोबर कळायची. मोजायला बसलं तर माणसानं पृथ्वीला चार-दोन फेऱ्या मारल्या असतील, पण ते मोजायला बसणार कसे?

आता त्यांच्याबद्दलची जी गोष्ट साऱ्या नात्यात सांगितली जाते, ती सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावरच अडलेलं आहे. रविकांत चौथीत होते तेव्हा त्यांनी शाळा सोडली. का सोडली? तर घरात एकालाच शिकवणं शक्य होतं, आणि धाकटा व्यंकट शिकावा म्हणून थोरल्यानं आपली पाटी खाली ठेवली. व्यंकट शिकला, तहसीलमध्ये लागला, नायब तहसीलदार होऊन निवृत्त झाला. दरवर्षी जयंतीला मुदखेडच्या विहारात व्यंकटराव भाषणाला उभे राहतात आणि शेवटी भावाकडं बोट करून म्हणतात, “ह्यानं पाटी ठेवली, म्हणून माझ्या हातात पेन आला.” टाळ्या पडतात. रविकांतराव तेव्हा मागं दाराशी उभे असतात, मान खाली घालून. लोकांना वाटतं, केवढा नम्र माणूस.

त्यांचा मुलगा आनंदराज ह्याच गोष्टीवर वाढला. शाळेत ‘माझे वडील’ ह्या निबंधात त्यानं हीच गोष्ट लिहिली, जिल्ह्यात पहिला आला, आणि ते प्रमाणपत्र अजून त्याच्या कपाटात आहे. आनंदराज लातूरच्या एका क्लासमध्ये भौतिकशास्त्र शिकवतो. दुसऱ्यांच्या पोरांना दहा-दहा तास बाकावर बसवणं हा त्याचा धंदा, आणि स्वतःची नऊ वर्षांची पोरगी दहा मिनिटं जागेवर ठरत नाही.

पोरीचं नाव धम्मप्रिया, घरात धमू. पायाला भिंगरी म्हणतात ती हिनं जन्माला येतानाच बांधून आणली असावी. एक चप्पल घालते आणि दुसरी शोधायला गेलेली गॅलरीत कबुतराला हाक मारत बसते. प्रश्न पुरा व्हायच्या आत उत्तर देते, आणि बऱ्याचदा ते दुसऱ्याच प्रश्नाचं असतं. वर्गात बाकावर उभी राहते, रांगेत मध्ये घुसते, वह्या हरवते, वर जीव लावते इतका की रागवायलाही जमत नाही. शाळेतून चिठ्ठ्यांवर चिठ्ठ्या आल्या. शेवटी वर्गाच्या बाईंनी बोलावून सांगितलं की पुढच्या वर्षी हिला ठेवणं अवघड आहे.

महामाया सरकारी दवाखान्यात नर्स आहे. ती चिठ्ठ्या वाचून रडली नाही. तिनं औसा रोडवर मुलांच्या वाढीच्या तक्रारी बघणाऱ्या एका डॉक्टरीणबाईंची वेळ घेतली. आनंदराज नाखुशीनंच आला. रविकांतराव नातीला रिक्षात धरून ठेवायला म्हणून आले.

डॉक्टरीणबाई पन्नाशीच्या, शांत. त्यांनी धमूला खोलीभर फिरू दिलं, शाळेचे कागद वाचले, आईबापांना तासभर विचारलं. मग म्हणाल्या, “ह्याला अतिचंचलता म्हणतात. एडीएचडी. हे लाडानं होत नाही, मोबाइलनं होत नाही, आणि ती मुद्दामही करत नाही. तिच्या मेंदूला थांबायला सांगणारा ब्रेक जरा उशिरा लागतो. पुष्कळदा हे घराण्यातून येतं, जशी उंची येते. तुमच्याकडं लहानपणी असं कुणी होतं का?”

महामायेनं माहेरचे सगळे आठवून नाही म्हटलं. आनंदराज म्हणाला, “मी तर सहा-सहा तास एका जागी बसायचो.” मग तिघांनीही रविकांतरावांकडं बघितलं.

ते वजनकाट्यापाशी उभे होते. तोवर त्यांनी त्या खोलीच्या चौदा-पंधरा फेऱ्या घातल्या होत्या.

“न्हाई,” ते म्हणाले. “आमच्यात असं कुणीच नव्हतं.”

डॉक्टरीणबाईंनी त्यांच्या चेहऱ्याकडं पाहिलं, मग पायांकडं पाहिलं, आणि कागदावर काहीतरी लिहिलं. पुढच्या शनिवारी सगळ्यांनीच या, एवढं त्या म्हणाल्या.

रिक्षात आनंदराजला सूर सापडला. घराण्यात कुणी नाही, म्हणजे हे काही रक्तातलं नाही; आपणच लाडावून ठेवलंय; सवय आहे, सवय मोडता येते. त्याच्या ओळखीच्या एकांची निवासी शाळा होती. तिथं पहाटे पाचपासून शिस्त. फॉर्म भरायची मुदत सोमवारची. महामाया म्हणाली, डॉक्टरीणबाईंनी शनिवारी बोलावलंय, तोवर तरी थांबा. दोघांची रिक्षातच जुंपली. शेवटी आनंदराजनं लेकीला मांडीवर घेतलं आणि तडजोड काढली. बापच तो, दुष्ट नव्हे. “धमू, आजपासून रोज एक तास. जागेवरून न उठता अभ्यास. सोमवारपर्यंत जमवून दाखवलंस तर हॉस्टेल रद्द. प्रॉमिस?”

धमूनं प्रॉमिस म्हटलं. प्रॉमिस म्हणतानाच ती खिडकीतून अर्धी बाहेर होती.

रविकांतराव पुढं ड्रायव्हरच्या शेजारी बसले होते. एका शब्दानं हे सगळं थांबवता आलं असतं. तो शब्द त्यांनी दाबून ठेवला होता, आणि आजचा नव्हे, साठ वर्षांपासून.

खरी गोष्ट वेगळी होती.

मुदखेडपासून दोन कोसांवर त्यांचं गाव. वस्तीच्या मागून रूळ जायचा, तेव्हाचा मीटर गेज, अरुंद आणि खेळण्यातल्यासारखा. कोळशाची गाडी लांबून शिट्टी द्यायची आणि वाऱ्यावर धूर आणि फुलमळ्यांचा वास एकदमच यायचा. वस्तीतल्या पोरांच्या हातात पाटी येऊन फार वर्षं झाली नव्हती. ज्या वर्षी मोठ्या माणसांनी दीक्षा घेतली, त्याच्या पुढच्या वर्षीचा रविकांतचा जन्म. हे पोर शिकणार, हे तो पोटात असतानाच ठरलं होतं. त्याची माय धुरपताबाई दुसऱ्यांच्या शेतात खुरपायला जायची, पण पोराला शाळेत पोचवल्याशिवाय तिनं कधी खुरपं हातात धरलं नाही.

आणि हे पोर बसायचंच नाही. दोन खोल्यांची शाळा, पुढं लाकडी खांबांची पडवी. गुरुजी एकटे आणि पोरं पन्नास. गुरुजी पाढा सांगायचे तेव्हा रविकांतच्या कानात शब्द शिरायचे आणि दुसऱ्या कानानं कुठं जायचे त्यालाच कळायचं नाही. बोटं हलायची, पाय हलायचे, बाकड्याची फळी कुरकुरायची. गाडीची शिट्टी वाजली की संपलं. खिडकीतून उडी, शेतातून धूम, आणि गाडी जाईपर्यंत रुळाकडेला. रोज मार खायचा, रोज कान धरून कबूल करायचा, आणि शिट्टी वाजली की पाय त्याला न विचारता निघायचे. आपण असं का करतो, हे त्याला एकदा तरी कळलं असतं तर बरं झालं असतं. रात्री मायच्या कुशीत तो शपथ घ्यायचा की उद्या उठणार नाही. शपथ खरी असायची.

चौथीतल्या एका दिवशी गुरुजींनी दावं आणलं. वासराला बांधतात ते. त्याचा एक पाय पडवीच्या खांबाला बांधला आणि पाटी मांडीवर ठेवली. गुरुजी वाईट नव्हते. पोर गाडीखाली येईल ह्याची त्यांना खरीच धास्ती होती. पण सगळी पोरं हसली. येणारी-जाणारी माणसं थांबून बघायला लागली. त्यातला एक जण मोठ्यानं म्हणाला, “ह्यांच्याच्यानं शिकणं होतंय व्हय? रानातलं जित्राब ते.”

तेवढ्यात धुरपताबाई भाकरी घेऊन आली. तिनं पडवीत पाय ठेवला, खांब बघितला, दावं बघितलं, आणि बघणारी माणसं बघितली. ती गुरुजींशी भांडली नाही. खाली बसली, दाताखाली धरून गाठ सोडली, पोराला उभं केलं आणि मागच्या माणसांनाही ऐकू जाईल असं म्हणाली, “ह्याला मी घेऊन चालले, गुरुजी. धाकट्याला लई शिकवायचंय मला. दोघांचं झेपंना. थोरला म्हणला, मीच राहतो घरी. लई शाणा हाय माझा रवी.”

एवढंच ती बोलली. घरी आल्यावर तिनं पायावरचा वळ तेलानं चोळला आणि म्हणाली, “कुणाला सांगू नको. तू म्हणलास, धाकट्यासाठी तू सोडलीस शाळा. आपल्या पोराला शाळा जमली न्हाई म्हणलं की सगळ्या वस्तीला नाव पडतंय.” मग पदरानं डोळे पुसून पुन्हा खुरपायला गेली. मेली तोपर्यंत तिनं तो विषय काढला नाही.

अशी ती गोष्ट जन्माला आली. मायनं पोराची लाज झाकायला अंगावर पांघरूण घातलं, आणि पोरगं म्हातारं झालं तरी ते पांघरूण तसंच राहिलं. पुढं रविकांत गुरं वळायला गेला, मग खडी टाकायला रेल्वेच्या गँगमध्ये, मग कीमॅन झाला. आणि तिथं एक नवल घडलं. चालताना त्याचं डोकं शांत व्हायचं. ज्याला पाढा ऐकू येत नव्हता त्याला चावीतली चूक ऐकू यायला लागली. सकाळची वेळ, दोन्ही बाजूंना ज्वारी, दूरवर डिस्टंट सिग्नल, आणि सहा किलोमीटर कुणीही ‘बस’ म्हणणारं नाही. पट्ट्यावर चालता चालता तो रद्दीतली वर्तमानपत्रं वाचायला शिकला. तारेच्या खांबांवर पाढे म्हटले, एका खांबापासून दुसऱ्या खांबापर्यंत एक. एकवीसपर्यंत पाठ झाले तेव्हा त्याचं वय एकतीस होतं. पुढं ब्रॉडगेज आला, लोखंडी स्लीपर जाऊन सिमेंटचे आले, हातोड्याचा आवाज बदलला. ते जुने टणटण आवाज रविकांतरावांना अजून मध्येच आठवतात, आणि लातूरच्या तिसऱ्या मजल्यावर त्यांचे पाय वळवळतात.

तर रोजच्या एका तासाची कथा. पहिल्या दिवशी धमू सात मिनिटांत उठली, पाणी प्यायला. दुसऱ्या दिवशी पेन्सिलीला टोक करायला पाच वेळा. तिसऱ्या दिवशी उठली नाही, खुर्चीसकट पडली. आनंदराज ओरडला नाही. त्यानं नुसता फॉर्म काढून टेबलावर काचेखाली ठेवला. ते ओरडण्यापेक्षा वाईट होतं.

गुरुवारी दुपारी घरात आजोबा आणि नात दोघंच. आनंदराज क्लासला, महामाया ड्यूटीवर. रविकांतराव स्वयंपाकघरातून पाण्याचा तांब्या घेऊन आले तर धमू खुर्चीवर दिसेना. बघतात तर ती वाकून टेबलाखाली डोकं घालून काहीतरी करत होती. आईची पिवळी ओढणी तिनं आपल्या दोन्ही पायांभोवती गुंडाळली होती आणि खुर्चीच्या पायाला बांधत होती.

“आबा, ही गाठ गच्च ओढा ना. माझ्या हातानं ढिलीच बसतेय.”

रविकांतराव खाली वाकले. आयुष्यभर ढिलं दिसलं की घट्ट करत आलेला माणूस. ओढणीची टोकं त्यांच्या हातात आलीसुद्धा. आणि मग त्यांना समोर तो पाय दिसला, नऊ वर्षांचा, घोट्यावर खरचटलेला.

“हे काय करून राहिलीस गं?”

“पप्पांना सांगू नका. एक तास झाला की मीच सोडते. मी ना, बसायचं ठरवते, पण पाय आधीच उठतात. बांधले की नाही उठणार. मग मला हॉस्टेलला नाही ना पाठवणार?”

तिच्या आवाजात रडू नव्हतं. उलट आपल्याला युक्ती सापडली म्हणून ती खुशीत होती.  रविकांतरावांना बांधायला निदान गुरुजी लागले होते. ह्या पोरीनं स्वतःच दावं आणलं होतं.

त्यांनी गाठ सोडली. पीळ हातानं सुटेना म्हणून शेवटी दात लावले. आणि मग, जे सोफ्यावर दोन वर्षांत घडलं नव्हतं ते फरशीवर घडलं. रविकांतराव बसले. भिंतीला टेकून, ओढणी मांडीवर घेऊन, बराच वेळ बसले. धमूनं तेवढ्यात त्यांच्याभोवती चार फेऱ्या मारल्या आणि विचारलं, “आबा, तुम्ही आजारी आहात का?”

“न्हाई बाई. चल, गच्चीवर चल. वही राहू दे. तेराचा पाढा कुठंवर येतो तुला?”

गच्चीवर पाण्याच्या टाकीपासून कठड्यापर्यंत एक पायरी पाढ्याची, परत येताना दुसरी. तीन दिवस न बसलेला तेराचा पाढा अर्ध्या तासात बसला, म्हणजे खरं तर चालला. तेरा नवं एकशे सतरा म्हणताना पोरीनं उडी मारली. खाली येताना रविकांतरावांचं ठरलं होतं. भीती मात्र गेली नव्हती, जिन्याच्या प्रत्येक पायरीला ती होती.

साडेपाचला आनंदराज आणि महामाया पाठोपाठ घरी आले. धमू खाली खेळायला गेली होती. रविकांतरावांनी ओढणी टेबलावर, त्या फॉर्मच्या वर ठेवली आणि दुपारी काय पाहिलं ते सांगितलं. महामाया तोंडावर हात धरून खाली बसली. आनंदराजचा चेहरा उतरला.

“बाबा, मी नाही बांधलं तिला. मी असं कधी...”

“तू न्हाई. तिनंच बांधलं. पण माझ्यामुळं बांधलं. डॉक्टरीणबाईसमोर मी खोटं बोललो. आपल्या घरात हाय असा माणूस. मी हाय.”

मग त्यांनी सगळं सांगितलं. शिट्टी, खिडकी, खांब, दावं, मायचे ते शब्द. उभ्यानं, टेबल ते दार अशा फेऱ्या घालत सांगितलं. आनंदराजनं ऐकताना एकदा कपाटाकडं बघितलं, जिथं ते प्रमाणपत्र होतं.

“म्हणजे काकांसाठी शाळा सोडली, ते...”

“मला काढलं शाळेतून. मला शाळा जमली न्हाई, आनंदा. व्यंकटचं नाव मायनं घेतलं.”

“आणि तुम्ही इतकी वर्षं टाळ्या घेतल्या?”

“हाव.”

“का?”

“लाज वाटली. आधी मायसाठी गप राहिलो, मग तुझ्यासाठी. तू ज्या नजरेनं माझ्याकडं बघतोस ना, ती जाईल असं वाटलं. ती माझी एकच कमाई होती.”

 आनंदराजनं खिशातून फोन काढला आणि नांदेडला काकांना लावला. रागानं लावला हे उघडच होतं. स्पीकरवर व्यंकटरावांचा जय भीम आला. “काका, बाबांनी शाळा का सोडली?” आनंदराजनं सरळच विचारलं. 

“सांगितलं का दादानं?” व्यंकटराव म्हणाले. “बरं झालं. मी पहिलीत होतो तेव्हा. शाळेच्या आतल्या खोलीच्या खिडकीतून बघितलं होतं मी. मायनं गाठ सोडलेली बघितली.”

रविकांतराव जागच्या जागी थांबले. “तुला माहीत होतं, व्यंकट?”

“साठ वर्षांपासून, दादा.”

“आन् दरसाली भाषणात ते सांगत व्हतास?”

“मायनं सांगितलं होतं, थोरल्याची मान खाली जाऊ देऊ नको. आणि खोटं काय होतं त्यात? तू रुळावर राबलास म्हणून मी कॉलेजात बसलो. पाटी का सुटली म्हणून सांगायचं, ते मायनं ठरवलं. पुढं घर धरून ठेवलं ते तूच.”

आनंदराज खुर्चीवर बसला, त्याच खुर्चीवर, आणि ओढणीची घडी घालायला लागला. घडी त्याला नीट जमत नव्हती. थोड्या वेळानं त्यानं काचेखालचा फॉर्म काढला, चार तुकडे केले आणि वडिलांना म्हणाला, “बाबा, मला निबंध पुन्हा लिहावा लागेल.” तो हसायचा प्रयत्न करत होता. रविकांतरावांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. मुलगा बारावीत गेल्यापासून ठेवला नव्हता.

शनिवारी पुन्हा औसा रोड. डॉक्टरीणबाईंनी मागचा कागद काढला. रविकांतराव विचारायची वाट बघत राहिले नाहीत.

“बाई, मागच्या खेपेला मी खोटं सांगितलं. घराण्यात हाय. माझंच नाव लिहा. चौथीत असताना गुरुजींनी माझा पाय खांबाला बांधला व्हता.”

“मला वाटलंच होतं,” बाई म्हणाल्या. “मागच्या वेळी तुम्ही माझी फरशी झिजवून गेलात.” मग त्यांनी विचारलं, “पण चाळीस वर्षं नोकरी कशी केलीत? एवढं जबाबदारीचं काम?”

“चालून केली. रोज एकच वाट, एकच काम. जाताना एक रूळ, येताना दुसरा. दोन्ही एकदम बघायला सांगितलं असतं तर एकही दिसला नसता.”

डॉक्टरीणबाई आनंदराजकडं वळल्या. “सर, मी आठ दिवसांत तुम्हाला जे शिकवणार होते, ते तुमच्या वडिलांनी दोन वाक्यांत सांगितलं. एका वेळी एकच गोष्ट सांगायची. रोजचा क्रम ठरलेला ठेवायचा. दहा मिनिटं काम, मग उठू द्यायचं. उठणं ही शिक्षा नाही, तिची गरज आहे. जमलं की लगेच शाबासकी, संध्याकाळपर्यंत थांबायचं नाही. शाळेला मी पत्र देते. पुढच्या बाकावर बसवा, आणि फळा पुसणं, वह्या वाटणं अशी उठायची कामं तिलाच द्या. गरज पडली तर औषधाचंही पुढं बघू, त्यात लाज नाही. ह्यानं सगळं एका महिन्यात सरळ होईल असं मी म्हणत नाही. अवघड दिवस येतील.”

आनंदराज वहीत लिहून घेत होता, विद्यार्थ्यासारखं, खाली मान घालून. महामायेनं सासऱ्यांकडं बघितलं. “मामा,” ती म्हणाली, “धुरपताआजींना जर तेव्हा कुणी हे सांगितलं असतं...” आणि तिचं वाक्य तिथंच राहिलं. रविकांतरावांना माय आठवली, दातात गाठ धरलेली. तिला हे नाव माहीत नव्हतं, आजार म्हणतात का काय म्हणतात तेही ठाऊक नव्हतं. पण पोराला आधी सोडवायचं आणि मग बोलायचं, एवढं तिला कळलं होतं.

धमू तोवर वजनकाट्यावर चढून उतरून झाली होती. तिचं लक्ष नाही असं सगळ्यांना वाटत होतं. पण ती आजोबांपाशी आली आणि त्यांच्या पँटच्या मांडीवर हात ठेवून म्हणाली, “आबा, तुमचा कुठला पाय बांधला होता?”

“हा, डावा.”

ती खाली बसली, त्यांची चप्पल बाजूला सारून घोटा बघितला. काही दिसलं नाही. साठ वर्षांत वळ कुठला राहतोय? तरी तिनं तिथं तळहातानं जरा चोळलं, जसं आई तिच्या गुडघ्याला चोळते तसं.

“आता दुखत नाही ना?”

“न्हाई,” रविकांतराव म्हणाले. “आता न्हाई दुखत.”

तिला तेवढं पुरलं. ती उठली आणि दारापासून खिडकीपर्यंत चालायला लागली, तोंडानं तेराचा पाढा पुटपुटत. डॉक्टरीणबाई पत्र लिहीत होत्या. रविकांतरावही तिच्या मागून चालायला लागले. आनंदराजनं वहीतून वर पाहिलं, दोघांना बघितलं, आणि आपली खुर्ची भिंतीकडं सरकवून त्यांना वाट करून दिली.